अंधार कायले ठेवला, भाऊ?

इटलीतल्या शेतकऱ्यांचा एक सिनेमा आहे, '१९००' नावाचा, १९७६ चा, पाच तासांच्याही वर लांब. जमीनदाराचं पोरगं अन् त्याच्याच वावरात राबणाऱ्या माणसाचं पोरगं एकाच दिवशी जन्मतात, सोबत खेळतात, मोठे होतात, मग फॅसिझम येते अन् अख्खं गाव मधून फाटते. आमच्या झाडीपट्टीतल्या, म्हणजे पूर्व विदर्भातल्या, कोणत्याही धानवाल्या माणसापुढं हा सिनेमा लावून बघा, भाषा एक अक्षर कळणार नाही त्याला, पण नुसता उजेड बघून तो सांगेल की आता हंगाम कोणता चालू आहे अन् घरात बरं चाललं का वाईट. कारण तो सिनेमा ऋतूंवरच बांधलेला आहे. लहानपण म्हणजे उन्हाळा, सगळं सोनेरी, गवत, धूळ, उघडी पोरं. फॅसिझमचे दिवस म्हणजे पानगळ अन् हिवाळा, धुकं, चिखल, उजेड असा की जणू दिवस उगवलाच नाही. अन् सुटका होते तेव्हा वसंत.

हा उजेड ज्याने केला तो इटलीचा कॅमेरामन व्हिट्टोरिओ स्टोरारो. माझे या कामातले गुरू दोनच, एक माझा मामा जो वडशाच्या नाटक कंपन्यांमध्ये लाईट करायचा अन् दुसरा हा रोमचा माणूस. मी दिवाळीनंतर मंडईच्या, म्हणजे आमच्याकडच्या जत्रेच्या, सिझनमध्ये नाटकाच्या लाईटवर असतो अन् नाटकं संपली की लग्नाचं शूटिंग, तर उजेडाशी माझं नातं पोटापाण्याचं आहे. स्टोरारोवर इंग्रजीत ढीगभर लिहिलेलं आहे, मराठीत जे थोडं सापडते त्यात ऑस्करची यादी येते अन् विषय संपते. म्हणून म्हटलं आपणच लिहावं, अन् सविस्तर लिहावं.

जन्म २४ जून १९४०, रोम. बाप लक्स फिल्म नावाच्या कंपनीत प्रोजेक्टर चालवायचा. स्टोरारो मुलाखतींमध्ये सांगतो की सिनेमात काम करायचं स्वप्न मूळ बापाचं होतं, ते बापाने त्याच्या मनात घातलं. अकराव्या वर्षी फोटोग्राफी शिकायला टाकला, अठराव्या वर्षी रोमच्या चेंत्रो स्पेरिमेंताले या सरकारी फिल्म स्कूलमध्ये शिरला. पोरगा हुशार, विशीतच कॅमेरा ऑपरेटर झाला. अन् मग साठच्या दशकात इटलीच्या सिनेमाधंद्यात मंदी आली, काम बंद. आता आपल्यापैकी कोणी असता तर दुसरा धंदा पाहिला असता, अन् त्यात चूक काहीच नाही, पण याने तो रिकामा वेळ चित्रं बघण्यात, संगीत ऐकण्यात, वाचण्यात घातला. नंतर काम मिळालं तेही खालच्या पायरीचं, ऑपरेटरचा परत असिस्टंट झाला. त्याच असिस्टंटगिरीत १९६४ च्या एका सिनेमावर त्याची गाठ बर्नार्दो बेर्तोलुच्ची या दिग्दर्शकाशी पडली, अन् पुढचं सगळं त्या एका ओळखीतून निघालं. स्वतंत्र कॅमेरामन म्हणून पहिला सिनेमा १९६९ ला, ब्लॅक अँड व्हाइट.

पण मला त्याच्या आयुष्यातली सगळ्यात मोठी गोष्ट वाटते ती कोणत्या सेटवर घडलेलीच नाही. रोममध्ये सान लुईजी देई फ्रांचेझी म्हणून एक चर्च आहे, तिथं काराव्हाज्जो या चित्रकाराचं सन १६०० च्या आसपासचं चित्र आहे, 'संत मॅथ्यूला बोलावणं'. मी ते नेटवर झूम करकरून पाहिलं आहे. टेबलावर पाचजण पैसे मोजत बसलेत, उजवीकडून येशू येतो अन् बोट दाखवतो, त्याच्या डोक्यावरून एक उजेडाचा पट्टा तिरपा भिंतीवर येते अन् टेबलावरच्या लोकांच्या तोंडावर पडते. चित्रात खिडकी आहे, पण उजेड तिच्यातून येत नाही! उजेड येशू ज्या बाजूने आला त्या बाजूने येते. येशू स्वतः जवळपास अंधारात आहे, फक्त चेहरा अन् हात दिसते. स्टोरारो म्हणतो की शाळेत आम्हाला टेक्निक शिकवलं, चित्रकला कोणी शिकवली नाही, अन् हे चित्र बघितल्यावर त्याला कळलं की उजेड अन् अंधार यांच्यातली ती रेघ काय काय सांगू शकते. मला हे वाचून लय वेळ काही सुचलं नव्हतं. चारशे वर्षांपूर्वीच्या माणसाने विचार केला होता की उजेड कुठून यावा हे खिडकी ठरवत नाही, गोष्ट ठरवते.

ते शिकलेलं त्याने लगेच लावलं 'द कन्फॉर्मिस्ट' मध्ये, १९७०, दिग्दर्शक बेर्तोलुच्ची, तेव्हा स्टोरारो तिशीचा. मुसोलिनीच्या राज्यात सगळ्यांसारखं दिसायला धडपडणाऱ्या एका माणसाची गोष्ट, जो शेवटी आपल्याच जुन्या प्रोफेसरला मारायच्या कामावर निघते. रोममधले सीन बघा, खिडकीच्या पट्ट्यांमधून ऊन येते अन् खोलीभर काळे-पांढरे पट्टे, त्याच्या होणाऱ्या बायकोच्या अंगात कपडेही पट्ट्यापट्ट्याचे, सगळं घर जेलसारखं. मग गोष्ट पॅरिसला जाते अन् तिथं पट्टे नाहीत, निळसर मऊ उजेड आहे, म्हणजे माणूस पिंजऱ्याबाहेर आला पण थंडीत आला.

त्यात एक सीन आहे तो मी कामावर नवीन येणाऱ्या पोट्ट्यांना हमखास दाखवतो. प्रोफेसरच्या खोलीत हा माणूस जाते, एक खिडकी बंद करते, खोलीत अंधार, अन् तो प्लेटोच्या गुहेची गोष्ट काढते, ते बांधलेले कैदी ज्यांना फक्त भिंतीवरच्या सावल्या दिसतात अन् त्यालाच ते खरं जग समजतात. बोलताना त्याची स्वतःची सावली भिंतीवर मोठी पडलेली आहे. मग प्रोफेसर दुसरी खिडकी उघडते अन् सावली पुसली जाते. बस एवढंच. ना ट्रिक ना इफेक्ट, खिडकी उघडली की सावली जाणारच, पण त्या माणसाचं अख्खं आयुष्य तिथं सांगून झालं.

आता आमच्या गावात या. लग्नात माझ्याकडून अपेक्षा काय असते, तर सगळं दिसलं पाहिजे. मांडव दिसला पाहिजे, सोफा दिसला पाहिजे, मागं उभी राहिलेली मावशी दिसली पाहिजे, म्हणून दोन स्टँडवर दोन एलईडी पॅनल लावायचे अन् सगळ्यांचे चेहरे सपाट पांढरे करायचे. एकदा हळदीच्या वेळी मी दोन्ही पॅनल बंद केले, ओसरीतल्या दारातून सकाळचा उजेड येत होता, नवरीची आजी तिला हळद लावत होती, आजीचा अर्धा चेहरा काळोखात अन् हळदीचा हात उजेडात. अल्बम दिला तेव्हा नवरीचे वडील म्हणाले, "भाऊ, इथं अंधार कायले ठेवला? आमची माय तं अर्धीच दिसून राह्यली." मी म्हटलं, काकाजी, हात पाहा न तिचा. ते बराच वेळ फोटो पाहत राहिले, काही बोलले नाहीत, अन् तो पान अल्बममध्ये राहू दिला. मी त्यांना चुकीचं म्हणत नाही. आमच्याकडं ज्या घरात पंचवीस-तीस वर्षांपूर्वीपर्यंत चिमणी-कंदिलावर रात्र काढली त्या घराला उजेड म्हणजे चांगलं अन् अंधार म्हणजे गरिबी असंच वाटणार, त्यात काही नवल नाही. पण तेवढ्यासाठी फोटोतला अंधार हाकलायची गरज नाही एवढंच माझं म्हणणं आहे. सावली नसली तर चेहऱ्याला नाक नसते, डोळ्याला खोली नसते, अन् वय तर दिसतच नाही.

'द कन्फॉर्मिस्ट' पाहून अमेरिकेतले लोक वेडे झाले, त्यात दिग्दर्शक फ्रान्सिस फोर्ड कोपोला. त्याने स्टोरारोला 'अपोकॅलिप्स नाऊ' साठी बोलावलं. व्हिएतनामच्या युद्धाचा सिनेमा, शूटिंग फिलिपीन्समध्ये १९७६ ला सुरू झालं, काही महिन्यांचं काम वर्षाच्या वर गेलं, वादळाने सेट उडवून नेले, हिरोला हार्ट अटॅक आला, भाड्याने आणलेली हेलिकॉप्टरं तिथलं सैन्य मधातच परत न्यायचं. या सगळ्या गोंधळात स्टोरारोच्या डोक्यात एकच विचार पक्का होता, की एक संस्कृती दुसऱ्या संस्कृतीवर जबरदस्तीने बसवली जात आहे तर ते रंगात दिसलं पाहिजे. म्हणून जंगलाचा स्वतःचा रंग एकीकडं अन् माणसाने आणलेला जांभळा, केशरी धूर, बल्ब, सर्चलाईट दुसरीकडं. रात्रीचा तो पुलाचा सीन बघा, नदीवर अर्धवट पूल, त्याला बल्बच्या माळा लावलेल्या, आकाशात फ्लेअर फुटतात, कोण लढत आहे कोणाला ठाऊक नाही.

मी जंगलाच्या शेजारी राहतो म्हणून तो सीन मला वेगळा लागते. आमच्याकडं आता वरातीत डीजेच्या गाडीवर शार्पी लाईट असतात अन् तो जांभळा झोत फिरत फिरत गावाबाहेरच्या मोहाच्या झाडांवर जाते. पोट्टे नाचतात, मीही शूट करतो, पण दरवेळी वाटते की झाडाला या रंगाची ओळख नाही. स्टोरारोने हे १९७६ मध्ये पाहिलं होतं.

अन् शेवटी कर्ट्झ, सिनेमातला तो सैनिकी अधिकारी, म्हणजे नट मार्लन ब्रँडो. तो सेटवर आला तेव्हा वजन खूप वाढलेलं, सैनिकी अधिकारी शोभेना. त्याला काळ्या कपड्यात अंधारात बसवला. अंधारातून टकलं डोकं थोडं पुढं येते, हात पाणी घेते, परत अंधार. लोक म्हणतात अडचण लपवली, असेलही, पण नुसतं लपवायचं असतं तर दाढी-टोपीनेही काम भागलं असतं. तो माणूस अर्धा माणूस उरलेला आहे, म्हणून अर्धाच दाखवला. यासाठी स्टोरारोला पहिला ऑस्कर मिळाला. दुसरा 'रेड्स' साठी, १९८१ चा सिनेमा, तिसरा 'द लास्ट एम्परर' साठी, १९८७ चा. पुढं 'डिक ट्रेसी' ला नामांकन झालं.

'रेड्स' बद्दल थोडं टेक्निकल सांगतो, कारण हे कोणी सांगत नाही. फिल्मवर चित्र आधी चांदीने बनते. रंगीत फिल्म लॅबमध्ये धुताना ती चांदी काढून टाकतात, मागे फक्त रंग राहतात. रोमच्या टेक्निकलर लॅबमध्ये एर्नेस्तो नोव्हेल्ली रिमो नावाचा कारागीर होता, त्याने प्रिंट धुताना मधात एक जास्तीची पायरी टाकली, ज्याने थोडी चांदी प्रिंटवरच राहायची. परिणाम काय, तर काळा रंग खरोखरचा काळा होते अन् बाकीचे रंग थोडे खाली बसतात. त्या प्रक्रियेला त्याच्याच नावाच्या आद्याक्षरांवरून ईएनआर म्हणतात अन् 'रेड्स' मध्ये ती पहिल्यांदा वापरली. आता आपण मोबाईलवर फोटो एडिट करताना एका बोटाने ब्लॅक्स खाली ओढतो न, त्यामागं हे असे लोक आहेत.

मला सगळ्यात जवळचा सिनेमा मात्र ऑस्करवाला नाही. 'वन फ्रॉम द हार्ट', १९८२, कोपोलाचाच, सणकून पडला अन् कोपोला कर्जात बुडाला. अख्खं लास वेगास स्टुडिओत उभं केलं होतं. त्यात स्टोरारोने लाईट डिमर बोर्डवर, म्हणजे उजेड कमी-जास्त करायच्या बोर्डवर घेतले, नाटकासारखे. शॉट चालू असताना उजेड बदलते. जाळीदार पडद्याची भिंत आहे, पुढून लाईट मारला की भिंत, पुढचा उतरवला अन् मागचा चढवला की भिंत गायब अन् मागं दुसरं घर, दुसरं माणूस. कट नाही.

हे पाहिलं तेव्हा मी मामाला फोन लावला होता, कारण हे मामाचं काम आहे! मामा सांगायचा की त्यांच्या सुरुवातीच्या काळात डिमर म्हणजे मिठाचं पाणी. भांड्यात मिठाचं पाणी, त्यात धातूच्या दोन पट्ट्या, पट्टी खाली-वर केली की पाण्यातून जाणारा करंट कमी-जास्त अन् स्टेजवरचा बल्ब मंद-तेज. शॉक बसायचा धोका कायम, पाणी तापायचं, पण त्याच्यावर मामाने रात्र रात्र नाटकं काढलेली. झाडीपट्टीचं नाटक रात्री दहाला सुरू होते अन् तांबडं फुटायच्या सुमारास संपते, पब्लिक खाली जमिनीवर बसलेली, थंडी मरणाची, अन् त्यांना जागं ठेवायचं काम गाण्यासोबत लाईटचंही. मामाचं एक वाक्य माझ्या डोक्यात बसलेलं आहे, "राजा तं दिसतेच न बापा, त्याले लाईट देऊन का फायदा, जो बोलून नाही राह्यला त्याच्याकडं पाह्य." स्टोरारोच्या कोणत्याही सिनेमात हे लावून पाहा, बरोबर लागते.

'अपोकॅलिप्स' नंतर स्टोरारो काही काळ काम थांबवून परत शिकायला बसला, या वेळी रंग. गटे हा जर्मन कवी, त्याचा रंगांवरचा ग्रंथ, असं बरंच. त्याचं फळ म्हणजे 'द लास्ट एम्परर'. चीनचा शेवटचा बादशाह पू यी, तीन वर्षांचाही नसताना गादीवर बसवलेला. बीजिंगच्या खऱ्या राजवाड्यात शूटिंग, जिथं आधी कोणत्या पाश्चिमात्य फीचर सिनेमाला असं करू दिलं नव्हतं. स्टोरारोने त्याच्या वयाला एकेक रंग दिला. सुरुवातीला तो नस कापून घेते तो लाल, राजवाड्यातलं बालपण केशरी, गादी मिळते तेव्हा पिवळा, अन् स्कॉटिश मास्तर सायकल घेऊन येते तेव्हा पहिल्यांदा हिरवा, म्हणजे शिक्षण. त्याआधी पोरगा बहुतेक सावलीतच वाढते, बाहेरचं ऊन त्याला लागत नाही, जसजसं कळू लागते तसतसा उजेड वाढते. मास्तर आल्यावर उजेड वाढणं, हे ज्या घरात पहिल्यांदा कोणी शाळेत गेलं त्या घरातल्या माणसाला समजावून सांगावं लागत नाही.

तसाच 'लिटल बुद्धा', १९९३. अमेरिकेतला भाग निळा-करडा, सिद्धार्थाचा भाग सोनेरी अन् लाल, नेपाळ-भूतानमध्ये काढलेला, सिद्धार्थाचा भाग मोठ्या ६५ मिलिमीटर फिल्मवर. आमच्या वॉर्डातल्या विहारात बुद्धपौर्णिमेला पोरांनी प्रोजेक्टर आणून तो लावला होता. विदेशी हिरो सिद्धार्थ म्हणून कसा चालणार असं काहीजण म्हणत होते, मलाही तो कास्टिंगचा निर्णय पटत नाही, गोष्टही मधात ढिली पडते. पण बोधिवृक्षाखालचा भाग आला तेव्हा विहारात कोणी हललं नाही.

सगळंच आवडते असं नाही. 'लास्ट टँगो इन पॅरिस' चा केशरी उजेड जगभर वाखाणला जाते, पण त्या सिनेमात एकोणीस वर्षांच्या मारिया श्नायडरला जे सोसावं लागलं ते वाचल्यावर मला तो बघवत नाही, उजेड कितीही चांगला असो. अन् अलीकडचं डिजिटल काम, २०१६ चा 'कॅफे सोसायटी' अन् त्याच्या पुढचा 'वंडर व्हील', त्यात ते केशरी-निळं जरा जास्त होते असं माझं मत आहे. दर रंगाला एक ठरलेला अर्थ हा त्याचा हट्टही मला पूर्ण पटत नाही. पण वयाच्या पंचाहत्तरीत फिल्म सोडून डिजिटल कॅमेरा हातात घेऊन शिकणारा माणूस, त्यापुढं आपण काय बोलणार. त्याआधी २०१५ ला इराणी दिग्दर्शक माजिद मजिदीचा पैगंबरांवरचा सिनेमा त्यानेच शूट केला, ज्याला संगीत आपल्या ए. आर. रहमानचं. २०२१ च्या जानेवारीत गोव्याच्या इफ्फी या चित्रपट महोत्सवाने त्याला जीवनगौरव दिला.

अजून एक. १९९८ च्या सुमारास त्याने सांगितलं की थिएटर अन् टीव्ही दोन्हीसाठी पडद्याचं एकच माप असावं, उंचीच्या दुप्पट रुंदी, २:१, अन् त्याला नाव दिलं युनिव्हिजियम. तेव्हा फार कोणी ऐकलं नाही. आज कितीतरी वेब सिरीज त्याच मापात येतात, अन् १८:९ चे मोबाईल आले तेव्हा ते म्हणजे २:१ च.

आता माझं स्वतःचं. मी स्टोरारोचे रंग उचलत नाही, कारण ते आमच्याकडं लागू पडत नाहीत. त्यांच्या सिनेमात उन्हाळा म्हणजे सुख. आमचा मे महिना बघा, पारा सेहेचाळीस-सत्तेचाळीस, दुपारी सगळा रंग उडालेला, आभाळ पांढरं, वावर पांढरं, माणूस डोळे बारीक करून चालते. आमचं सुख दिवाळीच्या आसपासचं, बांध्यांमध्ये धान पिवळं पडलेलं असते, ऊन तिरपं अन् नरम, मंडईचे पाळणे लागलेले. फाल्गुनात पळस फुलते तेव्हा तर झाडावर पानच नसते, सगळ्या करड्या जंगलात तो एकच केशरी. हा आमचा क्रम आहे, अन् तो आम्हीच लावायला पाहिजे, कारण रोमच्या माणसाला तेंदूपत्त्याच्या दिवसांतला पहाटेचा उजेड माहीत असायचं कारण नाही. सध्या मी वडशाच्या एका कंपनीशी बोलतोय, येत्या सिझनमध्ये एका नाटकाचा शेवटचा अंक दोनच लाईटवर करू द्या म्हणून. निर्माता म्हणतो पब्लिक ओरडेल. मी म्हटलं एक प्रयोग द्या.

ज्यांना बघायला सुरुवात करायची त्यांनी 'द लास्ट एम्परर' पासून करा, मग 'द कन्फॉर्मिस्ट', मग 'अपोकॅलिप्स', अन् '१९००' सगळ्यात शेवटी, दोन रात्रीत वाटून, अन् पोरं झोपल्यावर, कारण त्यात हिंसा अन् बाकीचंही बरंच उघडं आहे. टीव्हीवर बघणार असाल तर तो 'व्हिव्हिड' मोड आधी काढा, मोबाईलवर असाल तर ऑटो ब्राइटनेस बंद करा अन् खोलीतला ट्यूबलाईटही घालवा, नाहीतर काळ्यात काय काय ठेवलं आहे ते दिसणारच नाही. कोणी बघितलं तर खाली लिहा कोणता सीन राहिला डोक्यात.